मूर्तीवाचून चित्रपट

सिनेमा हा विषय आमच्या वाचकांना नवा नाही. १९३१ साली हिंदुस्थानचा पहिला बोलपट 'आलम आरा' पडद्यावर आला, तो जोसेफ डेव्हिड पेणकर यांच्या नाटकावरून. पुढे डेव्हिड अब्राहाम चेऊलकर यांचा हसरा चेहरा घराघरांत पोहोचला. १९५४ सालच्या 'बूट पॉलिश'मधले त्यांचे जॉनचाचा आठवले की आजही आमच्या वडीलधाऱ्यांचे डोळे पाणावतात. तेव्हा पडद्याचे आणि आपल्या समाजाचे नाते जुने आहे. परंतु आज आम्ही ज्या सिनेमाविषयी चार शब्द लिहिणार आहोत, त्यात नट नाही, नटी नाही, बहुतेक ठिकाणी गोष्टही नाही, आणि आरंभीच्या काही चित्रपटांत तर कॅमेरासुद्धा नाही. फिल्मच्या कोऱ्या पट्टीवर एका माणसाने हाताने रंग दिले आणि ती पट्टी प्रकाशासमोर फिरवली, एवढाच तो सिनेमा. असे असूनही धर्मविचाराशी त्याचा फार जवळचा संबंध आहे, आणि एका ठिकाणी तर तो थेट एका रब्बींच्या दारापर्यंत जातो. म्हणूनच हा विषय या पानांवर घेण्याचे आम्ही ठरवले.

परंतु त्याआधी आपल्याच घरातल्या भिंतीकडे पाहू. आपल्यातल्या अनेक घरांत एलियाहू हन्नबींचे चित्र लावलेले असते. पांढरी दाढी, अग्निरथ, घोडे, खाली ढग. मलिदाच्या दिवशी ताट भरताना नजर आपोआप त्या चित्राकडे जाते. आता दहा आज्ञांतील दुसरी आज्ञा तर आपण लहानपणापासून पाठ म्हणत आलो आहोत: वर आकाशात, खाली पृथ्वीवर किंवा पाण्यात जे आहे त्याची प्रतिमा करून तिला नमन करू नये. मग हे चित्र कसे? आपण त्याची पूजा करीत नाही, ते केवळ आठवणीसाठी आहे, असे उत्तर वडीलमंडळी देतात आणि ते बरोबरही आहे. तरीही मनात एक प्रश्न राहतोच. जे डोळ्यांना दिसत नाही ते दाखवायचे कसे? आणि दाखवूच नये म्हटले, तर पुढच्या पिढीला ते कळणार तरी कसे?

अलिबागजवळच्या खंडाळ्याला जे जाऊन आले आहेत त्यांनी तिथला खडक पाहिला असेल. एलियाहू हन्नबींच्या रथाच्या चाकांच्या आणि घोड्यांच्या टापांच्या खुणा तिथे उमटल्या आहेत, अशी आपल्या लोकांची पिढ्यान्‌पिढ्यांची श्रद्धा. तिथे चित्र नाही, मूर्ती नाही, चेहरा नाही. फक्त खूण आहे. भिंतीवरचे चित्र आणि खडकावरची खूण असे हे दोन मार्ग. आम्ही ज्यांच्याविषयी लिहीत आहोत त्या हॅरी स्मिथ यांनी सिनेमासारख्या चित्रांच्या दुनियेत राहून आरंभी दुसरा मार्ग धरला, असे आम्हाला वाटते.

फिल्मची पट्टी आणि हात

प्रथम हे काम कसे चालते ते समजून घेऊ. चित्रपट हलतो असे आपण म्हणतो, पण वास्तविक पट्टीवरचे एकही चित्र हलत नसते. एका सेकंदात २४ स्थिर चित्रे डोळ्यांसमोरून जातात आणि डोळा फसतो. ३५ मिलिमीटर रुंदीच्या पट्टीत एका फुटात १६ चौकटी बसतात. म्हणजे एका मिनिटाला ९० फूट पट्टी लागते आणि तीत १,४४० चौकटी असतात. प्रत्येक चौकट टपालाच्या तिकिटापेक्षा मोठी नसते. दादासाहेब फाळके यांनी आगकाड्या थोड्या थोड्या सरकवून एकेक चौकट टिपली आणि 'आगकाड्यांची मौज' हा चित्रपट केला, तेव्हा त्यांनी हीच युक्ती वापरली होती. पण फाळक्यांच्या हाताशी निदान कॅमेरा होता. पट्टीवरच रंगवायचे म्हटले की त्या तिकिटाएवढ्या जागेत, एकामागून एक, हजारो वेळा हात चालवावा लागतो.

ही कल्पना एकट्या स्मिथ यांची नव्हे. न्यूझीलंडचे लेन लाय यांनी १९३५ साली ब्रिटिश टपाल खात्यासाठी 'ए कलर बॉक्स' नावाचा छोटा चित्रपट सरळ पट्टीवर रंगवून केला होता. जर्मनीत जन्मलेले ऑस्कर फिशिंगर १९३६ साली अमेरिकेत गेले. त्यांनी १९४७ साली प्लास्टिकच्या पारदर्शक तक्त्यांवर तैलरंगाचे फटकारे देत, एकेका फटकाऱ्यागणिक एकेक चौकट टिपत, बाख यांच्या संगीतावर 'मोशन पेंटिंग नंबर १' पूर्ण केला. स्मिथ त्यांना फार मानत आणि आपला पाचवा चित्रपट त्यांनी फिशिंगर यांना आदरांजली म्हणून वाहिला.

स्मिथ यांची स्वतःची रीत मात्र निराळी होती. पहिल्या चित्रपटात त्यांनी पट्टीवर हातानेच आकृत्या काढल्या. दुसऱ्या आणि तिसऱ्या वेळी त्यांनी जी युक्ती काढली ती आपल्या भगिनींना चटकन कळेल, कारण ती बाटिकच्या कापडासारखी आहे. बाटिकमध्ये जिथे रंग नको तिथे मेण लावतात आणि कापड रंगात बुडवतात. स्मिथ पट्टीवर डिंकाच्या छोट्या गोल चकत्या चिकटवीत आणि वरून रंगाचा फवारा मारीत. मग साऱ्या पट्टीला व्हॅसलीन चोळीत. त्यानंतर चिमट्याने चकत्या उचलल्या की खाली तेवढीच गोल जागा उघडी पडे. तिच्यावर दुसरा रंग फवारला की तो फक्त त्या गोलातच धरे. बाकीची जागा व्हॅसलीनने झाकलेली. शेवटी व्हॅसलीन धुऊन काढायचे. हे सर्व चौकटीमागून चौकट, महिनोन्‌महिने. पडद्यावर पाहणाऱ्याला मात्र वर्तुळे, चौकोन आणि त्रिकोण एकमेकांतून उमलताना व विरघळताना दिसतात. त्यांतल्या दुसऱ्या चित्रपटाला 'सूर्याचा संदेश' अशा अर्थाचे नाव आहे.

हे वाचताना आम्हाला सोफेरची आठवण झाली. चर्मपत्रावर सेफेर तोरा लिहिणारा सोफेर एकेक अक्षर हाताने लिहितो. एक अक्षर चुकले तर ते दुरुस्त होईपर्यंत तो ग्रंथ वाचनासाठी बाहेर काढता येत नाही. स्मिथ काही पवित्र ग्रंथ लिहीत नव्हते आणि ही तुलना फार ताणणे योग्य नव्हे. परंतु लांब पट्टीवर डोके वाकवून, वर्षानुवर्षे, कोणी पाहत नसताना केलेले काम म्हणजे काय, हे आपल्या लोकांना वेगळे समजावून सांगावे लागत नाही. आपले पूर्वज घाण्याभोवती फिरले, पण शनिवारी घाणा थांबवायला चुकले नाहीत. तेही कोणी पाहत नव्हते.

हॅरी स्मिथ कोण होते?

त्यांचा जन्म २९ मे १९२३ रोजी अमेरिकेच्या पश्चिमेकडील ओरेगन राज्यात पोर्टलंड शहरी झाला. बालपण शेजारच्या वॉशिंग्टन राज्यात, समुद्रकाठच्या लहान गावांत गेले. वडील मासे डबाबंद करण्याच्या धंद्यात होते. आई लमी नावाच्या आदिवासींच्या वस्तीत शिक्षिका होती. दोघांचा ओढा थिऑसफीकडे होता. मुलगा आईबरोबर वस्तीवर जाई. शाळकरी वयातच त्याने तबकडीवर आवाज टिपण्याचे यंत्र मिळवून लमी लोकांची गाणी आणि विधी टिपून ठेवायला सुरुवात केली. दुसऱ्याच्या धर्मात ढवळाढवळ न करता, शेजारी बसून, कान देऊन ऐकायचे, ही सवय त्यांना तिथे लागली आणि ती अखेरपर्यंत टिकली.

दुसऱ्या महायुद्धानंतर ते सॅन फ्रान्सिस्कोच्या बाजूला आले. १९४६ सालापासून तिथल्या कलासंग्रहालयात नवनव्या चित्रपटांचे खेळ होत आणि स्मिथ त्यांत मदत करीत. त्यांचे पट्टीवर रंगवलेले चित्रपट याच काळात लोकांना दिसू लागले. आपण ही कामे १९३९ पासून करीत होतो असे ते स्वतः सांगत. पण स्मिथ यांना आपल्याविषयी तऱ्हेतऱ्हेच्या कथा सांगण्याची हौस होती. अभ्यासक या कामांचा काळ चाळीसच्या दशकाच्या उत्तरार्धाकडे नेतात आणि तेच अधिक पटते.

सॅन फ्रान्सिस्कोत त्यांना हिला रिबे या चित्रकर्तीचा आधार मिळाला. धनाढ्य यहुदी उद्योगपती सॉलोमन गुगेनहाइम यांचा चित्रसंग्रह रिबेबाईंनी उभा केला होता. ज्या चित्रांत झाड नाही, माणूस नाही, फक्त रंग आणि आकार आहेत, त्यांत आत्म्याला स्पर्श करण्याची शक्ती असते अशी त्यांची ठाम समजूत होती. न्यूयॉर्कच्या त्यांच्या संग्रहालयाला आज गुगेनहाइम यांचेच नाव आहे. या ओळखीच्या आधाराने स्मिथ १९५१ च्या सुमारास न्यूयॉर्कला आले.

तिथे पोटापाण्याची ओढाताण सुरू झाली आणि त्यांनी आपल्या जुन्या ग्रामोफोन तबकड्या विकायला काढल्या. गिऱ्हाईक म्हणून ते मोझेस अ‍ॅश यांच्याकडे गेले. हे अ‍ॅश म्हणजे प्रसिद्ध यिडिश लेखक शोलेम अ‍ॅश यांचे चिरंजीव. १९०५ साली वॉर्सात जन्मलेले आणि 'फोकवेज' ही तबकड्यांची कंपनी चालवणारे. अ‍ॅश यांनी तबकड्या नुसत्या विकत घेण्याऐवजी त्यांतून एक संग्रह निवडण्याचे काम स्मिथ यांनाच दिले. १९५२ साली ८४ गाण्यांचा, सहा तबकड्यांचा अमेरिकन लोकसंगीताचा तो संग्रह निघाला. ग्रामीण गोरे आणि काळे गायक, भजने, शोकगीते, नाचाची गाणी, सारे त्यात शेजारी शेजारी होते. कोण गोरा कोण काळा हे कुठे लिहिलेले नव्हते. विसरलेले आवाज नव्या पिढीच्या कानी पडले आणि पुढल्या दशकात अमेरिकेत लोकगीतांची जी लाट आली तिला या संग्रहाचे मोठे पाठबळ मिळाले. १९९१ साली या कामासाठी स्मिथ यांना ग्रॅमीचा विशेष सन्मान देण्यात आला.

चित्रात कब्बाला

न्यूयॉर्कमध्ये स्मिथ यांचे चित्रपट बदलू लागले. पट्टीवर हाताने रंगवणे मागे पडले, कॅमेरा आला, कागदाची कातरलेली चित्रे आली. विषयही उघड धर्माचे झाले. दहाव्या चित्रपटाविषयी त्यांनी स्वतःच लिहून ठेवले आहे की तो बौद्ध मत आणि कब्बाला यांचे विवेचन आहे. हा चित्रपट १९५६-५७ च्या सुमाराचा. १९५४ साली त्यांनी 'चार जगांतील जीवनवृक्ष' या विषयावरचे एक चित्रही छापून घेतले होते.

ज्यांना कब्बालाची ओळख नाही त्यांच्यासाठी दोन ओळी. परमेश्वर अनंत, त्याला आकार नाही. मग या आकाराच्या जगाशी त्याचा संबंध कसा येतो? कब्बालाचे उत्तर असे की त्याचे तेज दहा पायऱ्यांनी खाली उतरते. या पायऱ्यांना सेफिरोत म्हणतात. सर्वांत वर केतेर म्हणजे मुकुट, सर्वांत खाली मलखुत म्हणजे राज्य. त्या दहांची मांडणी झाडासारखी काढतात. 'सेफेर येत्सिरा' या प्राचीन ग्रंथात दहा सेफिरोत आणि हिब्रूची बावीस अक्षरे मिळून बत्तीस मार्गांनी सृष्टी घडली असे सांगितले आहे. विशेष म्हणजे या झाडाच्या आकृतीत परमेश्वराचा चेहरा कुठेच नाही. वर्तुळे आहेत आणि त्यांना जोडणाऱ्या रेषा आहेत. वर्तुळे आणि रेषा! ज्या माणसाने तरुणपणी चकत्या चिकटवून पट्टीवर वर्तुळे फुलवली, त्याची नजर या झाडावर खिळावी यात नवल ते काय?

१९५६ हेच साल पाहा. त्याच वर्षी हॉलिवुडमध्ये सेसिल डिमिल यांचा 'टेन कमांडमेंट्स' पडद्यावर आला. साडेतीन तासांहून अधिक लांबीचा. हजारो माणसे, दुभंगलेला समुद्र आणि मोशे रबेनूंच्या वेषात चार्लटन हेस्टन. तो चित्रपट आपण सर्वांनी हौसेने पाहिला आहे. पण त्यानंतर कित्येकांना, आम्हालाही, मोशे रबेनू म्हटले की हेस्टनची दाढी आठवते, ही गोष्ट खरी ना? प्रतिमेचा धोका तो हाच. ती मनात जागा अडवून बसते. त्याच सुमारास न्यूयॉर्कच्या एका लहानशा खोलीत दुसरा माणूस त्याच परंपरेविषयी चित्रपट करीत होता आणि त्यात एकाही नटाला पवित्र पुरुषाचे सोंग दिले नव्हते.

स्मिथ यांचा बारावा चित्रपट मोठा. सुमारे एक तासाचा, काळापांढरा, जुन्या सूचिपत्रांतली चित्रे कातरून केलेला. 'स्वर्ग आणि पृथ्वीची जादू' अशा अर्थाचे त्याचे नाव पुढे जोनास मेकस यांनी ठेवले. नायिकेचे एक मौल्यवान कलिंगड हरवते, तिचा दात दुखू लागतो, दंतवैद्याच्या खुर्चीतून ती स्वर्गात पोहोचते आणि शेवटी पृथ्वीवर परत येते, असे त्याचे चमत्कारिक कथानक स्मिथ यांनी दिले आहे. त्यांच्याच म्हणण्याप्रमाणे त्यातला स्वर्ग इस्राएल आणि माँट्रिआल यांच्या रूपाने दाखवला आहे! परत येण्याच्या प्रसंगात तर आपल्या पुणेकरांचे 'मोक्षमुल्लर', म्हणजे मॅक्सम्युलर साहेब, नायिकेला गिळतात. यातले किती थट्टेने आणि किती गंभीरपणे घ्यायचे हे ज्याचे त्याने ठरवावे. कामधंद्यासाठी सरकारी कचेऱ्यांत रांगा लावलेल्या आपल्या मंडळींना, इस्राएल म्हणजे स्वर्ग, हे ऐकून हसू येईल. तरी तीन वेळा प्रार्थनेत ज्या भूमीकडे तोंड करून आपले वाडवडील कोकणात उभे राहत, त्यांना हे वाक्य मुळीच विचित्र वाटले नसते.

रब्बी आणि ध्वनिमुद्रणयंत्र

आता ज्या प्रसंगासाठी आम्ही हे सर्व लिहायला घेतले, त्याकडे येऊ.

न्यूयॉर्कच्या लोअर ईस्ट साइड या यहुदी वस्तीत लायनेल झिप्रिन नावाचे कवी राहत असत. ते आणि त्यांची पत्नी शुभेच्छापत्रांचा छोटा व्यवसाय करीत आणि स्मिथ त्यांना चित्रे काढून देत. लायनेल यांचे आजोबा म्हणजे गालील प्रांतातून आलेले रब्बी नफ्ताली झ्वी मार्गोलियस अबुलाफिया. गालील आणि कब्बाला म्हटले की सफात शहर आठवते. सोळाव्या शतकात तिथे रब्बी मोशे कोर्दोव्हेरो आणि हा-आरी म्हणजे रब्बी यित्सहाक लुरिया होऊन गेले. दर शुक्रवारी संध्याकाळी आपण जे 'लेखा दोदी' गातो, त्याचे कर्ते रब्बी श्लोमो अल्काबेत्सही सफातचेच. त्या मातीतले हे वृद्ध रब्बी न्यूयॉर्कच्या गर्दीत राहून आपल्या जुन्या चालींत प्रार्थना म्हणत.

स्मिथ यांनी ते ऐकले आणि ठरवले की हा आवाज टिपून ठेवला पाहिजे. स्मिथ यहुदी नव्हते. त्यांना ना धार्मिक संस्थेने नेमले होते, ना समाजाने बोलावले होते. तरी पन्नासच्या दशकाच्या आरंभी ते वारंवार यंत्र घेऊन रब्बींकडे जात राहिले. प्रार्थना, पारंपरिक गाणी आणि गोष्टी त्यांनी टिपल्या. त्यांतून पंधरा एल.पी. तबकड्यांचा संच तयार झाला. रब्बी १९५५ साली वारले. त्या तबकड्या फार थोड्या लोकांच्या कानी पडल्या, परंतु आवाज मातीत गेला नाही. नातू लायनेल यांनी २००९ साली देह ठेवला, तोवर आजोबांचा तो ठेवा जगापुढे यावा म्हणून त्यांची धडपड चालू होती.

हे वाचल्यावर आम्ही बराच वेळ विचार करीत बसलो. ज्या माणसाने कब्बालाची वर्तुळे पडद्यावर आणली, तो कब्बाला पुस्तकांतून वाचून थांबला नाही. ती परंपरा ज्या माणसाच्या गळ्यात जिवंत होती, त्याच्या पायाशी जाऊन बसला. लहानपणी लमी लोकांच्या वस्तीत तो जे शिकला तेच त्याने इथे केले. पुढे १९६४ साली ओक्लाहोमात जाऊन त्याने कायोवा आदिवासींची धर्मगीते टिपली, तीही याच वृत्तीने. दुर्दैव असे की तो तिकडे असताना इकडे न्यूयॉर्कमध्ये भाडे थकले म्हणून त्याच्या खोलीतले सामान बाहेर काढण्यात आले आणि कितीतरी चित्रे व फिल्म शहराच्या कचऱ्यात गेल्या. दुसऱ्यांचे जपणाऱ्याचे स्वतःचेच जपले गेले नाही.

एक आक्षेप

काही वाचक विचारतील की अशा माणसाचे कौतुक या पानांवर कशाला? आक्षेप खोटा नाही. स्मिथ यांनी कब्बाला, बौद्ध मत, पाश्चात्त्य गूढविद्या आणि जादूटोणा यांची सरमिसळ केली. कब्बालाचा अभ्यास चाळिशीच्या आत करू नये आणि पोट भरून तोरा-तलमुद शिकल्यावाचून तर मुळीच करू नये, असा आपल्याकडे संकेत आहे. तो संकेत स्मिथ यांनी पाळला नाही, आणि तो त्यांच्यासाठी नव्हताही. दारू, कर्ज आणि आजारपण यांत त्यांचे अखेरचे दिवस गेले. कवी अ‍ॅलन गिन्सबर्ग यांच्यासारख्या मित्रांनी त्यांना सांभाळले. २७ नोव्हेंबर १९९१ रोजी न्यूयॉर्कच्या चेल्सी हॉटेलात त्यांचा अंत झाला. त्यांच्या आयुष्याचा कित्ता गिरवावा असे आम्ही कोणालाही सांगणार नाही.

परंतु दोन गोष्टी घेण्यासारख्या आहेत. पहिली अशी की न दिसणारे दाखवताना त्याला चेहरा न देताही काम भागते. हे आपल्या परंपरेत नवीन नाही. इस्राएलच्या उत्तरेस बेत अल्फा येथे १९२८-२९ साली सहाव्या शतकातल्या प्रार्थनामंदिराची फरशी सापडली. रंगीत दगडांच्या त्या चित्रात अब्राहाम आपल्या मुलाचे बलिदान द्यायला निघाले आहेत. माणसे आहेत, गाढव आहे, मेंढा आहे. पण परमेश्वराच्या जागी आकाशातून आलेला फक्त एक हात. त्या कारागिरांनी तिथेच थांबायचे ठरवले. आमच्या वाचकांपैकी कोणी त्या बाजूला गेले तर ती फरशी जरूर पाहावी.

आणि आपले कीर्तन? १८८० च्या सुमारास मुंबईत आपल्या मंडळींनी हिंदू कीर्तनाची पद्धत उचलली आणि अब्राहाम, योसेफ, मोशे, एलियाहू यांची चरित्रे ओवी, साकी, दिंडीत बांधली. हिब्रू न कळणाऱ्या आपल्या आजी-पणजींना तोराच्या कथा कळल्या त्या अशाच. कीर्तनकार कधी मोशेची दाढी लावून उभा राहिला नाही. टाळ, पेटी, तबला आणि शब्द. समुद्र दुभंगला की श्रोत्यांना तो दिसे, ज्याला त्याला आपापला. आपल्या पूर्वजांनी पडद्यावाचून, मूर्तीवाचून, हेच साधले होते. आम्हाला त्यासाठी न्यूयॉर्कच्या माणसाचे उदाहरण घ्यावे लागते, कारण आपल्याच घरचे आपण विसरत चाललो आहोत.

दुसरी गोष्ट याहून महत्त्वाची आणि ती सांगताना थोडी लाज वाटते. आमच्या नात्यातल्या एक मावशीबाई लोदला राहत. हळदीच्या, मेंदीच्या, पाळण्याच्या मराठी गाण्यांचा त्यांच्याजवळ साठा होता. एलियाहू हन्नबींचे एक लांबलचक कीर्तनही त्यांना मुखोद्गत होते. एका पेसाहच्या सुट्टीत घरातल्या मुलांनी टेपरेकॉर्डर लावून त्यांचे तासभर गाणे टिपले. मावशीबाईंना आपलाच आवाज ऐकून इतके हसू आले की पदराने तोंड झाकून त्या आत गेल्या. ती कॅसेट आम्ही कपाटात ठेवली. काही वर्षांनी मावशीबाई गेल्या आणि शिव्‍आच्या दिवसांत ती कॅसेट लावावी असे कोणाला तरी सुचले. लावली तर त्यातून हिंदी सिनेमाची गाणी. कोणीतरी रिकामी समजून वर भरली होती. घरातला प्रत्येक जण दुसऱ्याकडे पाहत राहिला. दोष कोणा एकाचा नव्हता, आमचा सर्वांचा होता. कॅसेटवर साधे नावसुद्धा आम्ही लिहिले नव्हते.

एक परका माणूस कर्जबाजारी असताना यंत्र उचलून एका म्हाताऱ्या रब्बीकडे पुन्हा पुन्हा जातो आणि पंधरा तबकड्या मागे ठेवतो. आणि आम्हाला आमच्या मावशीचे एक तासाचे गाणे राखता येत नाही. हॅरी स्मिथ यांच्याविषयी वाचताना आमच्या मनाला जे लागले ते हे.

स्मिथ यांच्या कामाला उशिरा का होईना मान मिळाला. त्यांच्या आरंभीच्या सात चित्रपटांची सुमारे तेवीस मिनिटांची माळ २००६ साली अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदणीत जतनासाठी निवडली गेली. जे उरले ते टिकले. आपल्या इस्राएलातही यरुशलेमच्या राष्ट्रीय ग्रंथालयात १९६४ पासून ध्वनिसंग्रह आहे आणि निरनिराळ्या देशांतून आलेल्या यहुद्यांचे संगीत राखणे हेच त्याचे काम आहे. आता तर टेपरेकॉर्डरचीही गरज नाही. नातवाच्या खिशातल्या फोनवर आवाज आणि चित्र दोन्ही निघतात.

तेव्हा वाचकहो, आमची एवढीच विनंती. अश्दोद, दिमोना, बेरशेबा, लोद, ठाणे, मुंबई, जिथे कुठे आपल्या घरात मराठी गाणे किंवा कीर्तन येणारे एखादे वडीलधारे माणूस असेल, त्याच्यापाशी या शब्बाथनंतरच्या रविवारी बसा. आधी नीट ऐका, मग टिपून ठेवा. टिपल्यावर त्यावर त्यांचे नाव, गाव, तारीख आणि गाण्याची पहिली ओळ स्वच्छ लिहा. एक प्रत घरात ठेवा आणि एक घराबाहेर. ते हसले आणि पदराआड गेले, तर थोडे थांबा आणि पुन्हा विचारा.